मंथरा आपल्या जिल्ह्याची! (ललिता पवार)

गोदाकाठी (धागाकर्ता)

परवा नागपूरहून मेव्हणे आले होते. नाशिकला पाहुणे आले की पुढचा कार्यक्रम ठरलेला: रामकुंड, काळाराम, सीतागुंफा, मग मिसळ, आणि मिसळ उतरायच्या आत "त्र्यंबकला जायचं का?" तर रामकुंडावरून परतताना रिक्षावाले काका आरशातून मेव्हण्यांकडे बघत म्हणाले, "भाऊ, लोक इथं येऊन रामाच्या पाया पडतात. पडावंच. पण एकदा मंथरेच्या पण पडा. तिनं कैकेयीचे कान भरले नसते तर राम कशाला अयोध्या सोडतो? मग पंचवटी कुठली, यात्रा कुठली आणि आमचं भाडं कुठलं?"

मेव्हणे हसून हसून रिक्षातून पडायचे बाकी होते. माझ्या डोक्यात मात्र दुसरंच सुरू झालं. मंथरा म्हटल्यावर माझ्या डोळ्यांपुढे वाल्मीकींची दासी येतच नाही, ललिता पवार येतात. कंबरेत वाकलेल्या, डावा डोळा बारीक, ओठ एका बाजूला. आणि या बाई आपल्याच जिल्ह्यातल्या! जन्म येवल्याचा, १८ एप्रिल १९१६. माहेरचं नाव अंबा, वडील लक्ष्मणराव शगुन. हे मी मेव्हण्यांना सांगितलं तर ते म्हणाले, "तरीच."

या 'तरीच'चा राग आला म्हणून हा धागा. ललिता पवार तुम्हाला पहिल्यांदा कुठे भेटल्या? आणि 'दुष्ट सासू' हा शिक्का बाजूला ठेवला तर त्यांचं कुठलं काम तुम्ही सगळ्यात वर ठेवाल?

तर्री_जास्त

पहिली भेट: आमच्या मोठ्या काकू. अजून भेटतात. (हलकं घ्या.)

पतंगबाज येवला

धाग्याबद्दल धन्यवाद भाऊ. येवल्याचं नाव निघालं की लोकांना फक्त पैठणी आठवते. फार तर तात्या टोपे आणि संक्रांतीचे पतंग. ललिताबाईंचं नाव घ्यायचं कोणाला सुचत नाही.

त्यांच्या वडिलांचा रेशमी आणि सुती कापडाचा व्यापार होता म्हणतात. येवल्यात याचं नवल नाही, आमच्याकडे निम्मं गाव रेशमावर जगतं. लहानपणी मी एकदा चौकशी करत फिरलो होतो, त्यांचं घर कोणतं म्हणून. तीन म्हाताऱ्यांनी तीन वाडे दाखवले. चौथे म्हणाले, "बाबा, ती सासू ना? तिचं घर नको शोधू, तीच तुला शोधत येईल."

सुनीता गंगापूररोड

१९८७. रविवार सकाळ, दूरदर्शनवर 'रामायण'. आमच्या जुन्या नाशकातल्या वाड्यात एकच टीव्ही, तोही कृष्णधवल, आणि साडेनऊच्या आत सगळ्यांच्या आंघोळी झालेल्या. माझी आजी टीव्हीला हळदकुंकू वाहायची. राम दिसला की हात जोडायची, आणि मंथरा दिसली की कडाकडा बोटं मोडायची. नुसती मोडायची नाही, शिव्या द्यायची. "मेले, तुझ्या जिभेला हाड नाही!" अशी सुरुवात, पुढचं इथं लिहिता येणार नाही.

गंमत अशी की आजीला ललिता पवार पक्क्या माहीत होत्या. तरुणपणी तिने त्यांचे सिनेमे थिएटरात पाहिले होते. आम्ही म्हणायचो, "आजी, ती ललिता पवार आहे ना गं?" तर ती म्हणायची, "ते मला ठाऊक आहे. मी तिला नाही, तिच्या आतल्या बाईला बोलतेय."

कुठल्या समीक्षकाने याहून चांगली पावती दिली असेल असं मला वाटत नाही.

तर्री_जास्त

सुनीताताई, आजींना दंडवत. 'तिच्या आतल्या बाईला' आजपासून आमच्या घरी वापरणार. काकूंसमोर नाही.

संदर्भासहित

काही दुरुस्त्या आणि भर.

१) त्या मंथरा पहिल्यांदा १९८७ ला झाल्या नाहीत. १९६१ च्या 'संपूर्ण रामायण' या हिंदी चित्रपटातही मंथरा त्याच होत्या. म्हणजे पंचेचाळिसाव्या वर्षी एकदा आणि सत्तरी ओलांडल्यावर पुन्हा. रामानंद सागरांना दुसरं नाव सुचलं तरी असतं का?

२) त्यांनी नवव्या वर्षी कामाला सुरुवात केली असं सगळीकडे लिहितात, आणि पहिला चित्रपट १९२८ चा मूक 'राजा हरिश्चंद्र' असं त्याच्याच पुढच्या ओळीत. जन्म १९१६ चा धरला तर १९२८ ला वय बारा होतं. एकमेकांचं बघून लिहिणाऱ्यांना वजाबाकी करावीशी वाटत नाही.

३) आणि त्या 'राजा हरिश्चंद्र'वरून. फाळके आपल्या त्र्यंबकेश्वरचे. त्यांच्या १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामती कोणी केली? अण्णा साळुंके यांनी, म्हणजे पुरुषाने, कारण बाई मिळेना. पंधरा वर्षांनी त्याच नावाच्या दुसऱ्या चित्रपटात नाशिक जिल्ह्यातलीच एक मुलगी कॅमेऱ्यासमोर उभी राहते. मला यात सासू-बिसू काही दिसत नाही, धाडस दिसतं.

४) कुंभमेळ्याचा मंथरेशी संबंध नाही, तो अमृताच्या थेंबांचा. रिक्षावाले काका तिथं जरा घसरले.

गोदाकाठी

@संदर्भासहित, काकांनी 'यात्रा' म्हटलं होतं, 'कुंभमेळा' नाही. वर मी तसंच लिहिलंय. बाकी वजाबाकी मान्य.

संदर्भासहित

बरोबर. मुद्दा ४ मागे घेतो. (इथं संपादनाची सोय असती तर…)

चांदवडची सून

मला त्या नायिका होत्या हेच माहीत नव्हतं. गेल्या वर्षी कुठेतरी त्यांचा तरुणपणचा फोटो बघितला आणि खाली नाव वाचूनही विश्वास बसेना. काय देखण्या होत्या! पुढे डोळ्याचं काय झालं नक्की? थप्पड वगैरे ऐकून आहे.

संदर्भासहित

१९४२, 'जंग-ए-आझादी'. प्रसंगात मास्टर भगवान (आपले भगवानदादा) यांनी त्यांना थोबाडीत मारायची होती. ती जोरात बसली. डाव्या डोळ्याची शीर फुटली, चेहऱ्याचा पक्षाघात झाला, तीन वर्षं उपचार चालले. डोळा पूर्ववत झाला नाही. तोपर्यंत त्या मूकपटापासून बोलपटापर्यंत नायिका होत्या. पोहणं, मारामाऱ्या, गाणी, सगळं करायच्या. आणि फक्त नायिकाच नाही: १९३२ च्या 'कैलाश'च्या त्या सहनिर्मात्या होत्या. वय वर्षं सोळा. १९३७ ला 'दुनिया क्या है'ची निर्मितीही त्यांची.

रागिणी_एमएमएस_नव्हे

म्हणजे एका माणसाच्या बेफिकिरीने एका बाईचं नायिकापद गेलं, आणि आपण त्या माणसाच्या नाचाच्या नकला करत गणपतीत नाचलो. छान.

जुना भिडू

ताई, राग समजतो. पण तो अपघात होता. तेव्हा फाइट मास्टर, सुरक्षा, विमा यातलं काय होतं सेटवर? भगवानदादाही गिरणी कामगाराचा मुलगा, कुस्तीचा नाद असलेला गडी. हात जड. मुद्दाम केलं असं कोणी म्हणत नाही.

रागिणी_एमएमएस_नव्हे

मुद्दाम केलं असं मीही म्हणत नाहीये. बेफिकीर म्हटलंय. दोन्ही वेगळं असतं. घरातल्या पुरुषांचंही बहुतेक वेळा 'मुद्दाम' नसतंच.

जुना भिडू

आता घरातले पुरुष मध्ये आले म्हणजे मी बाहेर पडतो.

डॉ. खोकला

थोडं वैद्यकीय. चेहऱ्याच्या हालचाली सांभाळणारी मज्जातंतूची एक जोडी असते, उजव्या बाजूची वेगळी, डाव्या बाजूची वेगळी. एका बाजूची दुखावली की त्या बाजूचा गाल सैल पडतो, पापणी नीट मिटत नाही, हसलं की तोंड दुसऱ्या बाजूला ओढलं जातं. असे रुग्ण माझ्याकडे येतात तेव्हा चालण्या-बोलण्याची तक्रार नसते. तक्रार एकच असते: "डॉक्टर, मी हसले की लोकांना वाटतं मी कुत्सित हसतेय."

आता हेच वाक्य घेऊन ललिताबाईंचे चित्रपट बघा. जे व्यंग होतं तेच त्यांनी हत्यार केलं. चेहरा थोडा वळवून, बारीक डोळा कॅमेऱ्याकडे ठेवला की खाष्ट बाई. मान सरळ ठेवून दोन्ही डोळ्यांनी पाहिलं की तोच चेहरा सोसलेल्या बाईचा. 'अनाडी' आणि 'जंगली' लागोपाठ बघा आणि त्या कोणत्या वेळी कुठल्या बाजूने समोर येतात ते मोजा. मी मोजलंय. बायकोने मला रविवारी दवाखाना उघडायला लावला.

पतंगबाज येवला

डॉक्टरसाहेब, वाचनखूण साठवली.

आनंदवल्लीकर

तुम्ही सगळे मंथरेत अडकलात. माझा मुद्दा ऐका.

'रामशास्त्री', १९४४, प्रभातचा. गजानन जागीरदार रामशास्त्री. आणि आनंदीबाई कोण? ललिता पवार! 'ध'चा 'मा' करणारी आनंदीबाई. आता सांगा, राघोबादादा आणि आनंदीबाई राहत कुठे होते? आमच्या आनंदवल्लीत! गावाला नावच तिचं. गंगापूर रोडने रोज जाता-येता तुम्ही तिचं नाव घेता, बसची पाटी वाचता.

म्हणजे नाशिकला ज्या दोन बायकांच्या कारस्थानामुळे काही ना काही मिळालं, एक पौराणिक आणि एक ऐतिहासिक, त्या दोघीही पडद्यावर येवल्याच्या एकाच मुलीने केल्या. हा योगायोग मी गेली दहा वर्षं लोकांना सांगतोय. कोणी कौतुक करत नाही.

गोदाकाठी

आम्ही करतो. कडक!! धागा वसूल.

चांदवडची सून

पण थांबा. १९४२ ला अपघात, तीन वर्षं उपचार, आणि १९४४ ला 'रामशास्त्री'? हिशेब कसा बसतो?

संदर्भासहित

चांगला प्रश्न. उपचार तीन वर्षं चालले म्हणजे तीन वर्षं घरी बसल्या असं नव्हे. शिवाय 'रामशास्त्री' हा काही एका दमात झालेला चित्रपट नाही. राजा नेने, विश्राम बेडेकर आणि जागीरदार, अशी तीन दिग्दर्शकांची नावं त्याच्याशी जोडलेली आहेत.

मला महत्त्वाचं वाटतं ते वय. तेव्हा त्या तिशीच्याही आत होत्या. त्या वयात नायिका आणखी दहा वर्षं झाडांभोवती फिरते. या बाई त्यापुढे कोणाच्या ना कोणाच्या आई, सासू, आत्याच झाल्या. 'श्री ४२०' (१९५५) मधली केळेवाली गंगामाई करताना त्या ३९ वर्षांच्या होत्या आणि राज कपूर तिशीचे. 'जंगली'त शम्मी कपूर तिशीचे, आई ४५ ची.

रीमा_फॅन

हे तर काहीच नाही. 'मैंने प्यार किया'च्या वेळी रीमा लागू ३१ च्या होत्या आणि सलमान जेमतेम २४ चा.

आता विषय काढलाच आहे तर खरं बोलतो, मारू नका. मला ललिता पवार फार भडक वाटतात. डोळे वटारायचे, हात नाचवायचे, सुनेला छळायचं, शेवटी पश्चात्ताप. शंभर सिनेमांत तेच. रीमाताईंनी आई केली ती आपल्या शेजारची वाटायची, सासू केली तीही. 'तू तू मैं मैं' आठवा, सासू असूनही हवीहवीशी. अभिनय म्हणजे ते.

तर्री_जास्त

(पापड मोडून घेऊन बसलो आहे. कोणाला हवाय?)

आनंदवल्लीकर

@रीमा_फॅन, तुलनाच चुकीची. एक मूकपटाच्या शाळेतून आलेली, एक रंगभूमीच्या. मूकपटात आवाजच नाही तर भाव मोठेच करावे लागणार.

जुना भिडू

मी बाहेर पडणार होतो पण हे वाचून परत आलो.

रीमा_फॅन, तुमचं अर्धं खरं आहे. भडक कामं त्यांनी ढिगाने केली. सातशेच्या आसपास चित्रपट सांगतात, त्यातले पाचशे तरी पोटासाठी असणार. कोणाचे नसतात? पण माणसाला त्याच्या उत्तम कामावरून मोजावं.

'अनाडी'ची मिसेस डिसा. मी हा चित्रपट पहिल्यांदा सर्कल टॉकीजला पाहिला, पुन्हा लागला होता तेव्हा. घरमालकीण आहे, भाडं थकलंय, तोंडाने फटकळ आहे. पण राज कपूर उपाशी आहे हे तिला त्याच्या आधी कळतं. प्रेमाचा एक शब्द न बोलता प्रेम दाखवायचं, आणि तेही ओरडत. करून बघा. मग ती आजारी पडते, औषध घेते आणि त्या भेसळीच्या औषधानेच जाते. औषध कुठल्या कारखान्याचं? जिथं तो नोकरी करतो त्याच मालकाचं. थिएटरमध्ये माझ्या शेजारी एक हमाल बसला होता, नाशिकरोडच्या मालधक्क्यावरचा. तो हुंदके देत होता. त्या भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअर मिळालं. हृषीकेश मुखर्जींना ही बाई एवढी आवडली की बारा वर्षांनी 'आनंद'मध्ये ललिताबाईंनी केलेल्या दवाखान्याच्या मेट्रनचंही आडनाव डिसाच ठेवलं.

आणि 'प्रोफेसर' (१९६२) पाहिला नसेल तर आज रात्री पाहा. भाच्यांवर पहारा ठेवणारी करडी मावशी, शम्मी कपूर म्हाताऱ्या मास्तराचं सोंग घेऊन घरात शिरतो, आणि ही बाई त्या सोंगाच्या प्रेमात पडते. लाजते. ललिता पवार लाजतात! लोक हसतात, मीही हसलो. पण पुढे हळूहळू हसू थांबतं. आयुष्यभर कोणी विचारलं नाही अशी बाई आरशासमोर उभी राहिली की काय दिसतं, ते त्यात आहे. भडक म्हणताय ना? तिथं बघा त्या कुठं थांबतात ते.

रीमा_फॅन

'प्रोफेसर' पाहिलेला नाही. बघून परत येतो. रीमाताईंबद्दलचं मत कायम.

सुनीता गंगापूररोड

जुना भिडू, सर्कल टॉकीजचं नाव काढलंत आणि मला अशोक स्तंभावरची ती गर्दी आठवली. आमचे वडील विजयानंदचे भक्त. बाल्कनीचं तिकीट म्हणजे वाढदिवस.

मखमलाबाद नाका

मध्यंतरात वडा की समोसा? आमच्याकडे यावरून दोन भाऊ बोलत नव्हते.

तर्री_जास्त

मध्यंतरात बाहेर येऊन मिसळ. आणि पहिला डाव हुकला तरी चालेल पण रस्सा पुन्हा मागायचा. आता लोक मिसळीवर चीज घालतात, त्यांच्यासाठी चौदा वर्षांचा वनवास सुचवतो.

मखमलाबाद नाका

वनवासाला येणार कुठे? इथेच, पंचवटीत. मग पुन्हा चीज मिसळ.

व्यवस्थापक

मिसळीचा वेगळा धागा आहे, चारशे प्रतिसादांचा. तिथे जा. ललिताबाई बघताहेत.

विधिज्ञा

धागा रुळावर आणते.

'मिस्टर अँड मिसेस ५५' कोणी आठवतंय का? गुरुदत्त, मधुबाला आणि मधुबालाची आत्या सीतादेवी, म्हणजे ललिता पवार. आत्या स्त्रियांच्या हक्कांसाठी सभा घेते, घटस्फोटाच्या कायद्याची बाजू मांडते. चित्रपटाने तिला पूर्ण हास्यास्पद केलंय: पुरुषद्वेष्टी, कुटुंब मोडणारी, वगैरे. लहानपणी मीही तिच्यावर हसले होते.

आता कौटुंबिक न्यायालयात पंधरा वर्षं काम केल्यावर पुन्हा पाहिला, आणि मला आत्याचं जवळजवळ प्रत्येक वाक्य पटलं. १९५५ हेच हिंदू विवाह कायद्याचं वर्ष आहे. त्याआधी नवऱ्याने टाकलेल्या बाईला सुटायची वाटच नव्हती बहुतेक ठिकाणी. पडद्यावर त्या बाजूने बोलणारी बाई खलनायिका ठरवावी लागली यातच सगळं आलं. ललिताबाईंनी ती भूमिका ताठ मानेने केलीय, थट्टेत सामील न होता. लिहिणाऱ्याने थट्टा लिहिली, यांनी वकील उभी केली.

अवांतर: 'प्रोफेसर'मध्येही त्यांचं नाव सीतादेवीच आहे. मंथरेला दोनदा सीता केलं आहे, नोंद घ्यावी.

रागिणी_एमएमएस_नव्हे

+१. आत्या बरोबर होती!

बोधी

मी सहसा वाचतो फक्त. पण येवल्याचा विषय आहे म्हणून लिहितो.

'सुजाता' (१९५९), बिमल रॉय. त्यात ललिता पवार सोवळंओवळं पाळणारी आत्या आहेत. घरात वाढलेल्या अस्पृश्य मुलीची सावली नको असणारी. ओरडत नाहीत, डोळे वटारत नाहीत. फक्त पदर सावरून जरा बाजूला होतात. ज्यांच्या घरातल्या माणसांनी ते 'जरा बाजूला होणं' पाहिलंय, त्यांना ते बघवत नाही. माझे आजोबा काळाराम मंदिराच्या सत्याग्रहात होते, २ मार्च १९३० पासून. पाच वर्षं दार उघडलं नाही. मग १३ ऑक्टोबर १९३५ ला बाबासाहेबांनी धर्मांतराची घोषणा केली, आणि ती कुठे केली? येवल्यात.

त्या वेळी ललिताबाई एकोणीस वर्षांच्या, येवला सोडून कधीच्या चित्रपटात गेलेल्या. तिथं काय झालं ते त्यांच्या कानावर गेलं असेल का, मला माहीत नाही. पण 'सुजाता'त त्या ज्या बारकाव्याने त्या आत्याला उभं करतात, ते घरात, गल्लीत, विहिरीवर पाहिल्याशिवाय येत नाही असं माझं मत आहे. खलनायिका आवडली पाहिजे असं नाही. ओळखू आली पाहिजे. मला ती ओळखू आली.

गोदाकाठी

@बोधी, यावर काय लिहू. धन्यवाद. आज रात्री 'सुजाता'.

पडद्यामागची वहिनी

दोन दिवसांनी धागा दिसला. माझी थोडी घरची बाजू.

मी नाशिकचीच. हौशी रंगभूमीवर पंचवीस वर्षं, राज्य नाट्यच्या स्पर्धा, सायखेडकर आणि कालिदासच्या विंगेत आयुष्य गेलं. चाळिशीनंतर मालिकांत कामं मिळायला लागली. पहिल्याच वेळी समोरच्या मुलाने माझ्याकडे पाहिलं आणि वहीत लिहिलं: 'आई/काकू/निगेटिव्ह'. झालं. त्या तिरक्या रेघांच्या पलीकडे मी अजून गेलेले नाही.

लोकांना वाटतं कॅरेक्टर रोल म्हणजे आरामाचं काम. पहाटे उठून पंचवटी एक्सप्रेस, मग गोरेगाव, मेकअप करून बसायचं. नायिकेचे सीन आधी घेतात कारण तिच्या तारखा कमी. माझा नंबर रात्री. पैसे दिवसावर ठरतात आणि हातात येतात तीन महिन्यांनी. एका मालिकेने तर माझं पात्र काशीयात्रेला पाठवलं आणि तिकडेच विसरले. मी चार महिने मोबाईल चार्ज ठेवून बसले होते. अजून ती बाई काशीतच आहे.

एकदा बाजारात मेथी घेत होते. भाजीवाली म्हणाली, "तुम्हीच ना त्या, सुनेला जिन्यावरून ढकललं?" मी हो म्हटलं. तिने मला जुडी दिली नाही! म्हणाली, दुसरीकडे बघा. घरी येऊन रडले, आणि मग नवऱ्याने म्हटलं, "अगं, हा पुरस्कार आहे." सुनीताताईंच्या आजींचं वाचून तेच आठवलं.

म्हणून मला ललिताबाईंचा अभिनय नंतर दिसतो, आधी त्यांची हजेरी दिसते. १९२८ ते नव्वदचं दशक. मूकपट, बोलपट, रंगीत, दूरदर्शन. चेहरा अर्धा गेला तरी हजर. १९६१ ला संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला, त्याच वर्षी 'जंगली' आणि मंथरासुद्धा. सकाळी मान घ्यायचा आणि दुपारी कुबड बांधून सेटवर उभं राहायचं, असा तो धंदा. सत्तरीत, आख्ख्या देशाच्या शिव्या खायच्या ठिकाणी, ती पुन्हा उभी राहिली आणि तिने आधीच्या मंथरेची नक्कल केली नाही. दोन्ही लागोपाठ पाहा. दुसरी जास्त थकलेली आहे, आणि म्हणून जास्त भयंकर.

रीमा_फॅन

'प्रोफेसर' पाहिला.

आरशाचा सीन. बरं. 'भडक' शब्द मागे घेतो, त्या एका चित्रपटापुरता.

(वहिनी, काशीहून परत कधी येताय?)

पडद्यामागची वहिनी

तिकीट पाठवा म्हणावं!

जुना भिडू

@रीमा_फॅन, आता 'अनाडी'. एकेक करत सातशे.

चांदवडची सून

शेवटी त्या कुठे होत्या?

संदर्भासहित

पुण्यात, औंधला. २४ फेब्रुवारी १९९८ ला गेल्या. ८१ वर्षं.

सुनीता गंगापूररोड

आमची आजी त्याच्या आदल्या वर्षी गेली. दोघींची भेट झाली असेल तर वर काय बोलाचाली झाली असेल देव जाणे. आजी आधी बोटं मोडेल, मग चहा टाकेल.

गोदाकाठी

धाग्याचा समारोप नाही, पण एक राहिलं. काल पंचवटी कारंज्यावर तेच रिक्षावाले काका भेटले. म्हटलं, "काका, तुमची मंथरा आपल्या येवल्याची होती, माहीत आहे का?"

ते दोन मिनिटं गप्प. मग म्हणाले, "काय सांगता! मग जायचं का भाऊ पाया पडायला? पण मीटरनं नाही परवडणार. ऐंशी किलोमीटर आहे, येताना भाडं मिळत नाही."

म्हटलं, "थांबून राहा तिथं, मी परत येईन तुमच्यासोबत."

तर म्हणे, "थांबायचे पैसे वेगळे. चौदा वर्षांचे नका लावू म्हणजे झालं."

तर्री_जास्त

बिल कैकेयीच्या नावावर करा म्हणावं.